हमीदा बानू : कीर्तीचा जमाखर्च

कर्तबगार माणसांच्या चरित्रांत जमेची बाजू ठळक अक्षरांत लिहिली जाते आणि खर्चाची बाजू बहुधा कोरीच राहते. चरित्रनायिका स्त्री असेल आणि तिचा व्यवसाय लोकरंजनाचा असेल, तर ही कोरी बाजू भरण्याची गरजही कोणास वाटत नाही. तिने गर्दी खेचली, टाळ्या मिळविल्या, पैसा उभा केला, एवढे नोंदवून समाज मोकळा होतो. ती टाळी संपल्यावर त्या स्त्रीचे काय झाले, तिने मिळविलेला पैसा कोणाच्या हाती राहिला, तिने कोठे जावे आणि कोठे जाऊ नये हे कोणी ठरविले, हे प्रश्न विचारण्याची आपल्याकडे रीत नाही. भारतातील पहिली व्यावसायिक महिला पैलवान म्हणून जिचे नाव घेतले जाते, त्या हमीदा बानू यांच्या आयुष्याकडे या दृष्टीने पाहणे उद्बोधक ठरेल. ४ मे २०२४ रोजी गूगलने आपल्या मुखपृष्ठावर त्यांचे चित्र झळकविले आणि सत्तर वर्षांपूर्वी साऱ्या देशात गाजलेले, पण दोन पिढ्यांच्या विस्मृतीत गेलेले हे नाव पुन्हा लोकांच्या ओठी आले. तथापि चित्र झळकले ते आखाड्यातील हमीदा बानूंचे. कल्याणच्या रस्त्याकडेला खाद्यपदार्थ विकणाऱ्या हमीदा बानूंचे नव्हे.

हमीदा बानू मूळच्या उत्तर प्रदेशातील मिर्झापूरच्या. कुस्तीच्या ओढीने त्या अलीगढला आल्या आणि सलाम पैलवान या वस्तादाच्या हाताखाली तयार झाल्या. त्या काळी मुलींनी लाल मातीत उतरावे ही कल्पनाच समाजाला असह्य होती. महाराष्ट्रापुरते बोलायचे तर तालीम हे केवळ व्यायामाचे स्थान नव्हते. ते गावच्या पुरुषत्वाचे देवघर होते. शाहू महाराजांच्या आश्रयाने कोल्हापुरात कुस्ती राजमान्य झाली, खासबागेचे मैदान उभे राहिले, गावोगावच्या जत्रांतून आणि उरुसांतून फड रंगू लागले. परंतु या साऱ्या वैभवात स्त्रीचे स्थान फार तर खुराकाच्या चुलीपाशी होते. हौद्याच्या आत तर नव्हतेच, पण पुष्कळ ठिकाणी हौद्याच्या कडेलाही नव्हते. अशा काळात समोर जोड म्हणून उभी राहील अशी स्त्री मिळणे अशक्यच असल्याने हमीदा बानूंना पुरुषांशी लढावे लागले, आणि त्या लढल्या.

१९४० च्या दशकात मुंबईसारख्या शहरांत तिकीट लावून दंगली भरविण्याचा धंदा भरभराटीस आला होता. राजेरजवाड्यांचा आश्रय आटत चालला होता आणि त्यांची जागा ठेकेदार व तिकीट काढणारा प्रेक्षक घेत होता. १९४४ साली मुंबईत गूंगा पैलवानाशी हमीदा बानूंची कुस्ती जाहीर झाली, तेव्हा वीस हजारांचा जमाव लोटल्याचे त्या वेळच्या वृत्तपत्रांनी नोंदविले. ऐनवेळी प्रतिस्पर्ध्याने अधिक पैसे आणि तयारीसाठी अधिक मुदत मागितल्याने लढत रद्द झाली आणि संतापलेल्या प्रेक्षकांनी मैदानाची मोडतोड केली. या प्रसंगातून एक गोष्ट स्पष्ट होते. हमीदा बानू हे नाव तेव्हाच बाजारात मोठ्या किमतीचे झाले होते.

या कीर्तीचा कळस १९५४ साली झाला. जो पुरुष आपल्याला कुस्तीत हरवील त्याच्याशी आपण लग्न करू, असे आव्हान त्या वर्षीच्या फेब्रुवारीत त्यांनी दिल्याचे वृत्तपत्रांत आले. त्यानंतर पतियाळाचा एक आणि कलकत्त्याचा एक असे दोन पैलवान त्यांनी चितपट केले. मे महिन्यात तिसऱ्या लढतीसाठी त्या बडोद्यास गेल्या. ठरलेले प्रतिस्पर्धी छोटे गामा यांनी स्त्रीशी लढण्यास नकार दिला. त्यांच्या जागी बाबा पैलवान उतरले आणि ही कुस्ती अवघ्या १ मिनिट ३४ सेकंदांत निकाली निघाली. पराभूत पैलवानाने तेथेच कुस्ती सोडल्याचे जाहीर केले. तोपर्यंत तीनशेहून अधिक कुस्त्या जिंकल्याचा हमीदा बानूंचा दावा होता. त्याच वर्षी मुंबईत वेरा चिस्टिलिन या रशियन महिला मल्लाला त्यांनी एका मिनिटाच्या आत अस्मान दाखविले.

लग्नाचे हे आव्हान मोठे चमत्कारिक होते. वरवर पाहता त्यात स्त्रीचा आत्मविश्वास दिसतो आणि तो होताही. पण पुरुष पैलवान आपली कुस्ती इनामासाठी, गदेसाठी किंवा गावाच्या नावासाठी लावतो. त्याला स्वतःचे लग्न पणाला लावावे लागत नाही. हमीदा बानूंचे बळ विकावयाचे, तर त्याला त्यांच्या स्त्रीत्वाची जोड द्यावी लागे, हे ठेकेदारांच्या आणि वृत्तपत्रांच्या चांगले ध्यानात आले होते. या कुस्त्यांच्या बातम्यांत डावपेचांपेक्षा त्यांचे १०८ किलो वजन, सुमारे सव्वापाच फूट उंची आणि रोजचा आहार यांचीच चर्चा अधिक असे. साडेपाच लिटरांहून अधिक दूध, जवळजवळ तीन लिटर सूप, फळांचा रस, एक कोंबडी, किलोभर मटण, अर्धा किलो लोणी, सहा अंडी, बदाम, दोन मोठे पाव आणि दोन थाळ्या बिर्याणी असा तो आहार छापून येत असे. नऊ तासांची झोप आणि सहा तासांची मेहनत हेही त्यात असे. वाचकांना याचे नवल वाटे. परंतु अर्थशास्त्राच्या भाषेत बोलायचे तर हा भांडवलाच्या देखभालीचा खर्च होता. गिरणीला जसे तेल आणि कोळसा, तसा मल्लाला खुराक. यंत्र बंद पडले की उत्पन्न बंद. फरक इतकाच की, गिरणीची मालकी कोणाची हे कागदावर लिहिलेले असते. या देहरूपी भांडवलाची मालकी मात्र कोठेच लिहिलेली नव्हती.

लोकांनी या भांडवलाकडे पैसे देऊन पाहिले, पण त्याचा मान ठेवला असे म्हणता येत नाही. पुण्यात रामचंद्र साळुंके यांच्याशी ठरलेली त्यांची कुस्ती स्थानिक तालीम संघाच्या विरोधामुळे रद्द करावी लागली. अन्यत्र एका लढतीत त्यांनी पुरुष पैलवानाला पाडल्यावर जमावाने हुर्यो केली, दगड भिरकावले आणि पोलिसांना मध्ये पडावे लागले. हरल्या असत्या तर बाई ती बाईच, असे म्हटले गेले असते. जिंकल्या तेव्हा कुस्ती आधीच ठरलेली होती, असे म्हटले गेले. त्या काळच्या मुंबई राज्याचे मुख्यमंत्री मोरारजी देसाई यांच्या कारकीर्दीत त्यांच्या कुस्त्यांना बंदीच झाल्यासारखी स्थिती आली. हमीदा बानूंनी तक्रार केली, तेव्हा ही मनाई त्या स्त्री आहेत म्हणून नसून ठेकेदार त्यांच्यासमोर नकली पैलवान उभे करतात अशा तक्रारी आहेत म्हणून आहे, असा खुलासा देसाई यांनी केला. या खुलाशात तथ्य नव्हतेच असे म्हणणे धाडसाचे होईल. तिकिटावर चालणाऱ्या दंगलींत खेळ आणि तमाशा यांची सरमिसळ होती, आणि नुरा कुस्ती हा शब्द काही हमीदा बानूंसाठी जन्माला आलेला नाही. परंतु प्रश्न न्यायाचा आहे. नकली जोड लावण्याचा अपराध असेल तर तो ठेकेदाराचा. उपजीविका मात्र बुडाली ती आखाड्यात उतरणाऱ्या स्त्रीची. लोकरंजनाच्या धंद्यातील हा नियम सर्वत्र सारखाच दिसतो. नफा वर जातो आणि दोष खाली येतो.

मात्र समाजाची दगडफेक आणि सरकारची मनाई ही हमीदा बानूंनी मोजलेली उघड किंमत होती. खरी किंमत घराच्या चार भिंतींआड मोजली गेली, आणि ती लोकांसमोर यायला कित्येक दशके लागली.

१९५४ सालीच युरोपात जाऊन कुस्ती खेळण्याचा आपला मनोदय हमीदा बानूंनी जाहीर केला होता. वेरा चिस्टिलिनवरील विजयानंतर ही झेप स्वाभाविकच होती. त्यानंतर थोड्याच काळात त्यांचे नाव वृत्तपत्रांतून नाहीसे झाले. हे का घडले, याचे उत्तर त्यांच्या मृत्यूनंतर अनेक वर्षांनी त्यांच्या कुटुंबीयांनी आणि शेजाऱ्यांनी पत्रकारांना सांगितलेल्या आठवणींत सापडते. त्यांच्या नातवाच्या सांगण्यानुसार युरोपचा बेत सलाम पैलवानास मान्य नव्हता आणि तो हाणून पाडण्यासाठी त्याने मारहाण करून त्यांचे हात मोडले. पायांनाही अशी इजा झाली की त्यांना उभे राहणे अशक्य झाले आणि पुढे कित्येक वर्षे काठीच्या आधाराने चालावे लागले, अशी एका शेजाऱ्याची आठवण आहे. तीनशे कुस्त्यांत जे एकाही प्रतिस्पर्ध्याला साधले नाही, ते घरातल्या माणसाने केले.

सलाम पैलवान हा त्यांचा कोण होता, याविषयी कुटुंबातच दोन मते आहेत. त्याच्या मुलीच्या म्हणण्याप्रमाणे त्याने हमीदा बानूंशी लग्न केले होते आणि ती त्यांना सावत्र आई मानीत असे. नातवाच्या म्हणण्याप्रमाणे त्या त्याच्यासोबत राहिल्या, परंतु लग्न कधीच झाले नाही. या मतभेदाचा निवाडा करण्याचे येथे कारण नाही. महत्त्वाचे ते निराळेच आहे. वस्ताद, व्यवस्थापक आणि घरधनी या तिन्ही भूमिका एकाच पुरुषाकडे होत्या. डाव त्याने शिकविले होते, घर त्याच्यासह होते आणि अलीगढ, मुंबई व कल्याण येथे पसरलेल्या संसाराला आधार असलेला दुधाचा धंदाही दोघांचा होता. अशा स्थितीत युरोपला जाणे म्हणजे केवळ प्रवास नव्हता. तो एका व्यवस्थेतून बाहेर पडण्याचा मार्ग होता. परदेशात नवे ठेकेदार मिळाले असते, मिळकत स्वतःच्या हाती आली असती. ज्याच्या हाती साऱ्या दोऱ्या होत्या, त्याला हे नको असणे समजण्यासारखे आहे, क्षम्य मात्र नाही.

कायदा नव्हता काय? १८६० च्या दंड संहितेत हाड मोडणे ही गंभीर दुखापतच मानली होती आणि तिला शिक्षाही होती. पण कायदा पुस्तकात असणे आणि तो दाराशी येणे यांत मोठे अंतर असते. ज्या स्त्रीचा गुरू, व्यवस्थापक आणि सोबती एकच, तिने दार कोणाचे ठोठवायचे? तिची कोणतीही संघटना नव्हती, महासंघाच्या दप्तरी तिचे नाव नव्हते, उलट तालीम संघ तिच्या विरोधात होते. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा स्वतंत्र कायदा आला तो २००५ साली, आणि त्यात विवाहसदृश संबंधांत राहणाऱ्या स्त्रीलाही संरक्षण मिळाले. हमीदा बानूंचे निधन १९८६ सालचे. त्यांच्या वाट्याला जी परिस्थिती आली तिला कायद्याच्या भाषेत नाव मिळायला अर्धशतक जावे लागले.

योगायोग असा की, त्याच १९५४ साली अमेरिकेत मिल्ड्रेड बर्क या महिला मल्लाची अशीच कसोटी लागली होती. १९३० च्या दशकात जत्रांतून पुरुषांशी कुस्त्या करून पुढे आलेली ही स्त्री तेथील महिला कुस्तीची सम्राज्ञी ठरली. तिचा नवरा बिली वुल्फ हाच तिचा व्यवस्थापक होता. देशातील बहुतेक महिला मल्लांचे करार त्याच्या मुठीत होते आणि त्यांच्या मिळकतीचा मोठा हिस्सा तो घेत असे. बर्कलाही मारहाण सोसावी लागल्याचे तिच्या चरित्रात नमूद आहे. त्यांचा विवाह मोडल्यावर तिला धंद्यातून उखडण्याचे प्रयत्न झाले. परंतु तिने स्वतःची संघटना उभारली आणि नोव्हेंबर १९५४ मध्ये ती जपानला पोहोचली. त्या दौऱ्यातून जपानमधील महिला कुस्तीला जोराची चालना मिळाली. दोघींचे बळ सारखे, दोघींच्या गळ्यातला फासही सारखा. एकीला समुद्रापलीकडे जाता आले, दुसरीचे हात जाण्याआधीच मोडले गेले. इतिहासात कोण उरतो आणि कोण पुसला जातो, हे पुष्कळदा गुणवत्तेवर नव्हे, तर बाहेर पडण्याची वाट मोकळी आहे की नाही यावर ठरते.

अर्थात अमेरिकेत वा जपानमध्येही सारे सुरळीत झाले असे नाही. तेथील व्यावसायिक कुस्तीचे रूपांतर पुढे अब्जावधींच्या मनोरंजन उद्योगात झाले. परंतु शिकाऊ महिला मल्लांची मिळकत त्यांच्याच वडीलधाऱ्या मल्ल स्त्रीने लाटल्याचे आरोप, दुखापतींचा भार, जाहिरातीसाठी शरीराचे प्रदर्शन आणि त्यानंतरचे एकाकीपण यांच्या कहाण्या तेथूनही सतत येत राहिल्या. २०२० साली हाना किमुरा ही अवघ्या २२ वर्षांची जपानी मल्ल दूरचित्रवाणीवरील एका कार्यक्रमानंतर झालेल्या निंदेच्या वर्षावात जीवनाला मुकली. प्रेक्षकांचे दगड आता मैदानात पडत नाहीत, ते हातातल्या यंत्रावर येऊन पडतात, एवढाच फरक.

मारहाणीनंतर सलाम पैलवान अलीगढला निघून गेला. हमीदा बानू कल्याणलाच राहिल्या. दुधाचा धंदा त्यांनी चालू ठेवला, काही इमारती भाड्याने दिल्या. पैसा कमी पडू लागला तेव्हा रस्त्याच्या कडेला घरी केलेले खाद्यपदार्थ विकले. ज्या देहाने वीस हजारांची गर्दी जमविली, त्या देहाला निवृत्तिवेतन नव्हते, विमा नव्हता, उपचाराचा खर्च देणारी संस्था नव्हती. म्हातारपणी हाताशी आले ते कुस्तीतील नाव नव्हे, तर दुधाचा रतीब आणि घरभाडे. येथे त्यांच्या व्यवहारज्ञानाला दाद द्यावीच लागेल. मोडलेल्या हातापायांनी, परक्या प्रांतात, एका स्त्रीने तीसहून अधिक वर्षे स्वतःचा चरितार्थ चालविला, ही कामगिरी बडोद्याच्या १ मिनिट ३४ सेकंदांपेक्षा कमी प्रतीची नाही. फक्त तिला प्रेक्षक नव्हते.

त्यानंतर कुस्तीचे जग बरेच बदलले. २००४ साली महिला कुस्ती ऑलिंपिकमध्ये आली. २०१६ साली साक्षी मलिकने रिओमध्ये पदक जिंकले. मार्च २०२३ मध्ये सांगलीत पहिली महिला महाराष्ट्र केसरी स्पर्धा झाली. प्रतीक्षा बागडी विजेती ठरली आणि अंतिम फेरीत तिच्याविरुद्ध लढली ती कल्याणची वैष्णवी पाटील. ज्या शहरात हमीदा बानूंची कुस्ती संपली, त्याच शहराच्या मुलीने राज्याच्या पहिल्या किताबासाठी लढावे, याहून समाधानाची गोष्ट कोणती? पण त्याच २०२३ च्या जानेवारीत देशातील नामवंत महिला मल्लांना लैंगिक छळाच्या तक्रारी घेऊन दिल्लीच्या जंतरमंतरवर बसावे लागले आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात साक्षी मलिकने डोळ्यांत पाणी आणून कुस्ती सोडल्याचे जाहीर केले. पदके वाढली, मैदाने खुली झाली. परंतु खेळणाऱ्या स्त्रीच्या निवडीची, प्रवासाची आणि तक्रारीची किल्ली अजूनही दुसऱ्याच्याच कमरेला राहते, हे त्या वर्षाने दाखवून दिले.

हा प्रश्न कुस्तीपुरता मर्यादित नाही. हमीदा बानू बडोद्यात लढल्या तेव्हा नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती. आज त्याच नागपूरच्या दक्षिणेस, शेतजमिनींवर उभ्या राहिलेल्या मिहान परिसरात मोठे रुग्णालय आहे, व्यवस्थापनाची संस्था आहे, संगणक कंपन्या आणि विमानदुरुस्तीचे कारखाने आहेत. शिकलेल्या मुली तेथे जातात ही प्रगतीच होय. पण जेथे काम एकाच्या आवारात, हजेरी दुसऱ्याच्या वहीत आणि पगाराच्या खात्यावर ताबा तिसऱ्याचा, तेथे हमीदा बानूंची स्थिती वेगळ्या वेषात पुन्हा उभी राहू शकते. १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्याने ठेकेदाराने वेतन बुडविल्यास त्याची जबाबदारी मूळ मालकावर टाकली, ती उगीच नव्हे. मधल्या माणसाच्या हाती सारे सोपविले की श्रम करणाऱ्याचा आवाज कोठेच पोहोचत नाही, हा अनुभव त्यामागे होता.

मुलगी कमावती झाली की ती स्वतंत्र झाली, असे आपण समजतो. हमीदा बानू यांचे चरित्र हा समज खोडून काढते. त्यांच्याइतके कमावते, नावाजलेले आणि अंगबळाने संपन्न असे त्या काळी किती जण होते? तरीही त्या स्वतंत्र नव्हत्या, कारण कमाई करणे आणि कमाईवर अधिकार असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. म्हणून यापुढे एखाद्या मुलीच्या गळ्यात पदक पडेल तेव्हा तिच्या शिक्षकांनी, पालकांनी आणि टाळ्या वाजविणाऱ्या आपण सर्वांनी आणखी काही साधे प्रश्न विचारायला हवेत. बक्षिसाची रक्कम कोणाच्या खात्यात गेली? दुखापत झाली तर खर्च कोण करणार? वस्तादाविरुद्धच तक्रार असेल, तर ती ऐकणारा वस्तादापासून स्वतंत्र असा कोणी आहे काय? आणि उद्या तिला दूरदेशी जावेसे वाटले, तर तिला अडविण्याचे बळ कोणाच्या हातात आहे? या प्रश्नांची उत्तरे समाधानकारक येतील, तेव्हाच हमीदा बानूंच्या खर्चाची कोरी बाजू आपण वाचली असे म्हणता येईल.